अव्वाची तीन मिनिटं

हळ्ळीखेड (बी),
९ फेब्रुवारी १९८४

अण्णास धाकट्या चन्नम्माचे शरणु शरणार्थी.

आम्ही सगळे ठीक. तुझा गुडघा कसा आहे? आधी कॅमेऱ्यामागं आणि मग पुण्याच्या त्या थंडगार कोठारात देशाचे सिनेमे सांभाळता सांभाळता तूही त्यातलाच एक डबा झालास, असं वहिनी म्हणते. महिनाअखेर निवृत्त होणार आणि निरोपाच्या दिवशी तिथल्या पडद्यावर आपल्या आईची, अव्वाची फीत लावणार, हे वाचून मी पत्र कपाळाला लावलं. "डबा घेऊन ये," असं लिहिलं आहेस. डबा सुखरूप आहे. झाकणसुद्धा.

(आता खाली बस, अण्णा. पाणी पी.)

डबा उघडला तर आत नासलेल्या ताकासारखा आंबट वास, फितीवर पांढरट बुरशी. बावीस वर्षांपूर्वी तू उरलेल्या फिल्मवर चुलीपुढची अव्वा टिपलीस आणि "अव्वाचं अव्वाजवळ राहू दे" म्हणून डबा इथंच ठेवलास. ती गेल्यावरही नेला नाहीस. देशाचं सगळं थंडाव्यात ठेवलंस, आपलं तेवढं माझ्या ज्वारीच्या कणगीमागं. (हा टोमणा नाही. थोडा आहे.) अव्वाचा दुसरा फोटो कुठंच नाही हे मला ठाऊक होतं, म्हणून तर हात लावला. तुझ्या साहेबलोकांपुढं तिला मळकी कशी नेऊ? तिचं इरकल लुगडं मी दर वर्षी रिठ्याच्या कोमट पाण्यात धुते, अजून नवं दिसतं. तसंच केलं.

शेजारची लिंगम्मा टोक धरून उभी होती. "अक्का, रंग जायलाय की गं," म्हणाली. मी म्हणाले, "रंग न्हाई, मळ हाय. चोळ तू." पाणी काळं होत गेलं तशी मला धन्यताच वाटली. शंभर फूट फीत आम्ही दोरीवर वाळत घातली. काचेसारखी लख्ख. उजेडाला धरून बघितली तर पलीकडं लिंगम्माची म्हैस दिसली. दुसरीकडून बघितली. तिथंही म्हैसच.

ते पाणी मी जास्वंदीला घातलं होतं. आता त्या झाडाजवळून जाताना चप्पल काढते.

तुझी,
चन्नम्मा

ता. क. लिंगम्माला बोल लावू नको. तिनं दोनदा सांगितलं होतं.

आणखी एक. कोरी फीत गुंडाळून डब्यात घातली आहे. हुमनाबादहून पुण्याची बस धरते. तिथं कुणाला काही सांगू नको, मशीन चालव. मी शेजारी बसून हळूच सांगत जाईन: आता अव्वा भाकरी थापायलीय, आता चूल फुंकायलीय, आता तुझ्याकडं बघून म्हणायलीय, "जा की रं, काम न्हाई का तुला?" फितीत आवाज कधीच नव्हता, अण्णा. तो माझ्याकडं आहे. त्याला मी पाणी लावलेलं नाही.