दोघांचा एक आवाज

४ फेब्रुवारी

मिळाला भावोजींना जामीन. सरकारी वकिलांचा फोन दुकानातच आला. गिऱ्हाइकाला चष्म्याच्या काचा बदलून दाखवत होते, तशीच उभी राहिले. "वैद्यकीय कारणावरून, तात्पुरता. ऑपरेशन आणि नंतरची विश्रांती, एवढ्यापुरताच." माझी लेखी हरकत होती. काही उपयोग झाला नाही. खटला अजून संपलेला नाही, आणि उपचार कैद्यालाही नाकारता येत नाहीत – न्यायाधीश असं म्हणाले.

राहण्याचा पत्ता – हेच घर.

सासूबाईंना विचारलं. म्हणाल्या, "दुसरा कुठला देऊ? आईचं घर आहे त्याच्या."

५ फेब्रुवारी

माहेरी जायचं म्हणून बॅग भरली. परत रिकामी केली. मी का जायचं?

७ फेब्रुवारी

भावोजी आले. अंगावर मांस म्हणून राहिलेलं नाही. चपला काढून उंबऱ्याबाहेरच उभे. सासूबाईंनी हाताला धरून आत घेतलं, थेट आपल्या खोलीत नेलं. जिन्याकडे त्यांनी मान वळवली नाही. मी तेवढंच बघत होते.

त्याच जिन्यावरून हे पडले आणि गेले. वरच्या पायरीवर दोघा भावांची झटापट, मी स्वयंपाकघरात. कानावर आलं – "सोड, सोड रे!" – आणि मग तो धडधडाट. बाहेर धावले तर हे खाली, भावोजी वर. चार वर्षं झाली. मी पोलिसांना सांगितलं, ओरडला तो माझा नवरा. धाकट्याने धरलं आणि ढकललं. भावोजी उलट सांगतात – दादाने माझी गचांडी धरली, ओरडलो मी, सोडवून घेताना त्याचा तोल गेला.

साक्षीदार मी एकटी. तीही नुसत्या कानांची.

८ फेब्रुवारी

सकाळी आतून हाक आली, "अगं, पाणी देतेस का?"

मी "आणते" म्हटलं. तांब्या भरून दारापर्यंत गेलेसुद्धा. तो उंबऱ्यावरच ठेवून मागे फिरले.

ते आईला हाक मारत होते. आवाज ह्यांचा होता.

दोघांचा आवाज सारखा, हे सगळ्यांना ठाऊक. फोनवर माझी आईसुद्धा फसायची. मी कधी नाही. निदान असं मी सांगत आले.

१२ फेब्रुवारी

सासूबाईंनी गळ घातली म्हणून दवाखान्यात बरोबर गेले. डॉक्टरांनी समजावून सांगितलं. गाठ स्वरयंत्राच्या मागे आहे. आवाज अजून शाबूत, पण गाठ काढायची तर स्वरयंत्रही काढावं लागेल. बोलणं कायमचं बंद.

परत येताना रिक्षात भावोजी म्हणाले, "सुटलात वहिनी." हसले. ह्यांचंच हसू. मी बाहेर बघत राहिले.

१५ फेब्रुवारी

दिवसभर घरात हे आहेत. खाकरतात. कूस बदलताना "हं" करतात. पेपर मोठ्याने वाचून आईला ऐकवतात. दाराआड उभी राहून मी ऐकते. शी – किती वाईट!

दुकानात एका म्हाताऱ्याला विचारलं, "ही काच बरी की ही?" "दोन्ही सारख्याच दिसतात, बाई." माझ्या हातून काच निसटली. मालक ओरडले.

१८ फेब्रुवारी

आज राहवलं नाही. उद्या त्यांना दवाखान्यात न्यायचं. नंतर विचारून काय उपयोग?

म्हटलं, "भावोजी, जिन्यावर उभे राहा. वकिलाला सांगता ना, मीच ओरडलो. तसंच ओरडा."

मग म्हणाले, "वहिनी, नका हो हे करायला लावू."

"मला ऐकायचंय."

भिंतीला धरून ते वर चढले. मी स्वयंपाकघरात, पाठ करून, तेव्हा होते तशीच.

"सोड, सोड रे!"

मी धावले. हे खाली पडलेले असणार म्हणूनच धावले! खाली कोणी नव्हतं. वर ते रडत बसले होते. सासूबाई खोलीच्या दारात, तोंडाला पदर लावून.

तोच आवाज. पण तेव्हाचा त्यांचा की ह्यांचा – नाही सांगता येत.

२० फेब्रुवारी

ऑपरेशन झालं. म्हणजे आवाज गेला. बाहेर बाकावर मी रडले. कोणासाठी, ते इथेही लिहिता येत नाही.

२ मार्च

घरी आणलं. गळ्याला भोक, त्यातून श्वास. हवं-नको हाताने सांगतात. घर इतकं गप्प, की मीच पातेली आपटते.

९ मार्च

सरकारी वकिलांना भेटले. म्हणाले, "जामिनाची मुदत वाढवून मागताहेत. हरकत घ्यायची ना?"

म्हटलं, "नको. आणि साक्षीतही सांगेन, तो आवाज कोणाचा ते मला खात्रीने माहीत नाही."

"बाई, मग खटल्यात राहिलं काय? तो सुटेल."

"खोटं कसं बोलू?"

घरी येताना हलकं वाटलं. चार वर्षांत पहिल्यांदा.

१० मार्च

सासूबाईंना सांगितलं, मी काय साक्ष देणार ते. त्यांनी माझे पाय धरले. मी दचकून मागे सरले. "अहो आई, हे काय? मला खरंच कळलं नाही, कोण ओरडलं ते. तुम्हाला तरी कसं कळलं असतं?"

"मला झोप लागली होती, असं पोलिसांना सांगितलं मी," त्या म्हणाल्या. "जागी होते गं. पोटची पोरं ती. मला कसा आवाज कळणार नाही?"

"मग कोणाचा होता?"

उठून आपल्या खोलीत, धाकट्याजवळ गेल्या. दार लावून घेतलं.

तो आवाज धाकट्याचा असता, तर त्याला सोडवायला त्यांनी पहिल्याच दिवशी सांगितलं असतं.