भोईर बंधूंचा गाळा आणि भिंतीतली खिडकी

मी, शालन सीताराम भोईर, वय एकाहत्तर, राहणार इंद्रलोक, भाईंदर पूर्व, पूर्ण शुद्धीत आहे. सकाळी शुगर तपासली आहे. मला कोणी दमदाटी केलेली नाही, तेवढी कोणाची हिंमतही नाही. वकिलांनी दिलेल्या मसुद्यात ‘सदरहू’ इतके होते की त्यात माणसं सापडेनात, म्हणून हे मृत्युपत्र माझ्या हाताने लिहिते.

१. इंद्रलोकचा फ्लॅट आणि बँकेतली ठेव मुलगा लोकेश आणि सून रश्मी यांना. पुस्तकं एकट्या रश्मीला. माझी शाळा चौथीत सुटली, पुढचं सगळं मी रद्दीच्या दुकानातून आणून वाचलं. एखाद्या पुस्तकात पोलादी गोळी सापडली तर ती माझी खूण आहे. पान दुमडायचं नाही.

२. आता गाळा. तो कागदोपत्री माझ्या एकटीच्या नावावर आहे, कारण खरेदीच्या दिवशी कोणाचं नाव आधी लिहायचं यावर आमच्या यांचं आणि धाकटे दीर काळूराम यांचं एकमत झालं नाही. इथे ‘भोईर बंधू मेटल अब्रेझिव्ह्ज’ सुरू झाली. लोखंडावरचा गंज झाडायला ज्या बारीक पोलादी गोळ्या मारतात, त्या बनवायच्या हे आमच्या यांच्या मनात होतं. वितळलेलं पोलाद पाण्याच्या फवाऱ्यात सोडलं की थेंबांच्या गोळ्या होतात. पहिल्या दिवशी झाल्या त्यांना शेपट्या होत्या.

भावोजी म्हणाले, “दादा, ही गोली न्हाय, बेडकाची पोरं हायत.”

त्यांनी ती पोरं कुटली. त्यातून धारदार चुरा निघाला, ज्याला धंद्यात ग्रिट म्हणतात, आणि तोच आधी खपला. पुढे गोळ्याही गोल व्हायला लागल्या, पण कंपनी कोणाच्या डोक्यातून निघाली हा वाद मिटला नाही. शेवटी पाटीवर गोळी काढायची की ग्रिट, यावरून भांडण पेटलं. नाथा पेंटरने दोघांना खूश करायला मधलंच काहीतरी काढलं. तेव्हापासून दर दिवाळीला लोक लाडवांची ऑर्डर द्यायला येतात. नाथाला माझ्यातर्फे एक किलो बुंदीचे लाडू द्यावेत. खाण्याआधी त्याने ते नीट बघावेत.

३. त्याच महिन्यात गाळ्याच्या मधोमध भिंत घातली गेली. गोळी आमच्या बाजूला, ग्रिट त्यांच्या. वाकड्या गोळ्या कुटायला पलीकडे द्याव्या लागत, म्हणून भिंतीत घमेलं जाईल एवढी खिडकी ठेवली. मेन स्विच आमच्याकडे आणि संडास त्यांच्याकडे राहिला, त्यामुळे भांडण फार ताणता येत नसे. बोलणं मात्र बंद. दोघं खिडकीच्या दोन बाजूंना, मधे मी चाळणी घेऊन.

“वैनी, दादाला सांगा, आज वाकरी गोली कमी आली.”

“शालन, त्याला सांग, मी वाकडी बनवायला बसलेलो नाही.”

मी दोघांना चहा देत असे.

४. दोन वर्षांपूर्वी हे गेले. लोकेशने त्यांना कामाचाच शर्ट घातला होता. अस्थी वेचताना राखेत पाच-सहा गोळ्या निघाल्या. गुरुजी बावरले. भावोजींनी एक उचलली, तळहातावर फिरवून पाहिली आणि म्हणाले, “वैनी, दादाला सांगा, गोली गोल हाय.”

मी म्हटलं, सांगते.

तेव्हापासून ते रोज खिडकीशी येतात. पोलादाचा भाव, खाडीवरचा वारा, आपले गुडघे, काय असेल ते दादाला सांगा म्हणतात. मी सांगते म्हणते आणि घरी येऊन फोटोसमोर खरंच सांगते.

५. लोकेश म्हणतो, “मम्मी, विकून टाकूया ना गाळा. तिथे जिम होतेय, पार्टी रेडी आहे.” लोकेश, तू चांगला मुलगा आहेस, पण जिममध्ये तुझे काका कोणाशी बोलतील? म्हणून गाळा, भट्टी आणि चाळण्या भावोजींची मुलगी निशिगंधा हिला देते. काम ती आजही सांभाळतेच आहे. भावोजी हयात असेपर्यंत तिने गाळा विकू नये आणि भिंतीला हात लावू नये. रोज थोडा वेळ खिडकीच्या आमच्या बाजूला उभं राहून “सांगते” म्हणावं. ती म्हणाली, “काकू, येडेपणा हाय हा.” मग किती वाजता उभं राहायचं ते विचारून गेली.

६. भावोजींना साक्षीदार व्हायचं होतं. वकील म्हणाले, मुलीला मिळतंय तिथे बापाची सही बरी दिसत नाही. भावोजींनी पेन वकिलांना परत दिलं. मग म्हणाले, “वैनी, दादाला सांगा, सही न्हाय केली तरी मी व्हतो तिथं.”

सांगेन. ते आता समोरासमोरच.

शालन सीताराम भोईर (सही)

साक्षीदार:
१. ममता वर्तक, शेजारीण (सही)
२. डॉ. नीरज सावे, शुगर यांनीच तपासली (सही)

स्थळ: भाईंदर पूर्व
दिनांक: १२ जानेवारी २०२५