सालीला कागद म्हणायचं का

आई, तुझ्याशी एका गोष्टीवरून वाद घालायचा आहे, पण तुझ्या बाजूनं बोलायचं की तुझ्याविरुद्ध, हेच मला शनिवारपासून ठरवता येत नाहीये. गोष्ट कागदाची आहे. तू असतीस तर "आता कागदाचं तू मला सांगणार?" म्हणून हसली असतीस आणि तरी ऐकायला बसली असतीस.

इथं टेक्सासात, अर्विंगमध्ये, आमच्या घराजवळ एक आर्ट सेंटर आहे. तिथल्या एका दिवसाच्या वर्कशॉपला तुझ्या नातीनं आम्हा दोघींची नावं घातली. मेक्सिकोकडचे जुने अ‍ॅझ्टेक आणि माया लोक कागद कसा करायचे, ते शिकवणार होते. "आजी मेड पेपर, राइट? यू'ल लव्ह इट," ती म्हणाली. तिनं तुला फक्त फोटोत पाहिलंय. तू गेलीस तेव्हा माझं लग्नही झालं नव्हतं. शिकवणारी बाई मूळची मेक्सिकोतल्या डोंगराळ भागातली, माझ्याच वयाची, इथल्या कॉलेजात चित्रकला शिकवते. टेबलावर पातेलं होतं आणि त्यात चुन्याच्या पाण्यात शिजवलेल्या सालीच्या लांब लांब पट्ट्या. आपल्या वड-उंबराच्या जातीचंच झाड, त्याची आतली साल. भिजल्या गोणपाटासारखा वास येत होता. तिनं लाकडी फळीवर त्या पट्ट्या उभ्या-आडव्या मांडल्या, मधे मोकळी घरं ठेवून, खिडकीच्या गजांसारख्या. मग तळहातात मावेल असा खाचा पाडलेला दगड घेतला आणि ठोकायला लागली. पट्ट्या पसरत गेल्या, घरं बुजत गेली, एकीची कड दुसरीत शिरली. ती म्हणाली, "झाला कागद."

आणि मी हात वर करून म्हणाले, "हा कागद नाही."

सगळे वळून बघायला लागले. लेक पुटपुटली, "आई, प्लीज, डोन्ट." पण मी थांबले नाही. कारण मला तो पुण्यातला हातकागदाचा कारखाना दिसत होता, सुती चिंध्या दळून केलेल्या पांढऱ्या लगद्याचा हौद, आणि हौदापाशी वाकलेली तू. जाळीची चौकट पाण्यात बुडवतेस, आडवी उचलतेस, एक हलकासा झोका देतेस, पाणी गळून जातं आणि जाळीवर दुधाच्या सायीसारखा थर उरतो. मी शाळेतून परस्पर तिकडे यायचे आणि दाराशी दप्तरावर बसून बघायचे. एकदा इतिहासाच्या वहीत मी लिहिलं होतं की इजिप्तचे लोक लव्हाळ्याच्या पट्ट्या चिकटवून कागद करत. तू जेवायला बसली होतीस, तशीच उष्ट्या हातानं उठलीस. "त्याला कागद म्हणतात? त्या नुसत्या चिकटवलेल्या पट्ट्या. चिंधी आपण चिंधी होतो हे पार विसरते, तेव्हा कागद होतो." ती ओळ मला खोडायला लावलीस. शाळेतल्या बाईंनी नंतर ती परत लिहायला लावली, ते मी तुला सांगितलं नाही.

माझी आई कागद करायची, असं म्हणून तेच मी इंग्रजीत सांगितलं. तंतू पाण्यात सुटे व्हायला हवेत, जाळीवर बसायला हवेत, तरच कागद. ती बाई चिडली नाही. "बरेच तज्ज्ञ असंच म्हणतात," ती म्हणाली. "मी कागद म्हणते, कारण माझी आई कागद म्हणायची." आता सांग, यावर काय बोलायचं? मीही तर आईच्याच जोरावर उभी होते.

मग तिनं आम्हा सगळ्यांच्या हातात एकेक दगड दिला. ठोकता ठोकता ती सांगत होती. अ‍ॅझ्टेक राजे गावोगावकडून कर म्हणून हा कागद घ्यायचे. त्याचे देवांना पोशाख करायचे, त्यावर रबराच्या झाडाचा चीक शिंपडायचे आणि जाळायचे. माया लोक त्याच्यावर चुन्याचा पांढरा हात देऊन घडीची पुस्तकं करायचे. ती पुस्तकं स्पॅनिश पाद्र्यांनी जाळली, बोटावर मोजण्याइतकी उरली. देवांचे कागद करायलाही बंदी आली. तरी तिच्याकडच्या डोंगरात बायाबापड्या कागद करतच राहिल्या, बियाणं रुजावं, आजारी बरे व्हावेत म्हणून त्याच्या बाहुल्या कापत राहिल्या. माझ्या समोरच्या एका भारतीय काकांनी विचारलं, "पण कशासाठी? लिहिणारे गेले, वाचणारे गेले." ती म्हणाली, "मला ठाऊक नाही. मी आईला विचारलं होतं. ती म्हणाली, हात चालव."

माझा कागद मधेच फाटला. ती शेजारी येऊन बसली, फाटल्या जागी सालीचा तुकडा ठेवून म्हणाली, "ठोक." तिनं विचारलं, आईनं शिकवलं नाही का? मी म्हणाले, शिवूसुद्धा दिलं नाही. ते खरंच आहे ना गं? एकदा सुट्टीत मी हौदात हात घातला तेव्हा तू माझं मनगट धरून बाहेर ओढलंस. तुझी बोटं कायम पांढरी, सुरकुतलेली, नखांच्या कडा कुजलेल्या. "तुझे हात कोरडे राहू देत," म्हणालीस, आणि पदरानं माझी बोटं एकेक करून पुसलीस. मला किती राग आला होता. ती बाई हसली. तिला म्हणे सक्तीनं बसवायचे, सणासुदीलाही सुटका नाही. तिला पळून जावंसं वाटायचं. तिचे हात कोरडे असावेत असं कुणालाच वाटलं नाही, आणि मला तर ओलेच हवे होते. दोघींतल्या कुणाच्या आईची माया जास्त, मला सांगता येईना.

इथं येऊन मला जेमतेम वर्ष झालं होतं तेव्हाची गोष्ट आठवते का? कंपनीनं एका दुपारी आमची अख्खी टीम काढली. व्हिसा नोकरीवर टांगलेला. मी फोनवर रडत म्हणाले, आई, मी परत येते. तू म्हणालीस, "येऊ नकोस." मी म्हणाले, थोडे दिवस तरी. तू म्हणालीस, "इथं काय ठेवलंय तुझं? तिथंच बघ काहीतरी." इतक्या कोरड्या आवाजात तू माझ्याशी कधी बोलली नव्हतीस. मी इरेला पेटून नोकरी मिळवली. पावसाळा संपायच्या आत मामाचा फोन आला, तू गेलीस. दुखणं जुनं होतं, त्यानं सांगितलं, कुणाला कळू दिलं नाहीस. म्हणजे तुला माहीत होतं. म्हणून येऊ नकोस म्हणालीस का? की खरंच मी तिथं नको होते? पहिलं खरं मानावं तर तुझ्यावर राग येतो, दुसरं मानावं तर स्वतःची कीव येते. इतक्या वर्षांत मी दोन्ही मानून पाहिलं. एकही टिकत नाही.

दुपारी फळ्या पार्किंगमध्ये उन्हात ठेवल्या. टेक्सासचं ऊन, तासाभरात साल वाळली. ओढून काढताना चर्रकन आवाज झाला. खरखरीत, तपकिरी, कडा वेड्यावाकड्या. डोळ्यांसमोर धरला तर प्रत्येक पट्टी वेगळी दिसते, कुठली कुठून आली ते सांगता येतं. यातली एकही पट्टी काही विसरलेली नाही, आई. आणि तरी ओढून पाहिलं तर सुटत नाही. मी त्यावर पेननं एक रेघ मारून पाहिली. शाई फुटली नाही.

हे कुठं पाठवायचं नाहीये, ते मला कळतं. पण तुला एक सांगायचं राहिलं. निघताना ती बाई म्हणाली, "तुझ्या आईला दाखव. कागद म्हणते का, विचार." आणि मी म्हणाले, "हो, विचारते. पुण्यात असते ती." सहज आलं तोंडून, थांबवावंसंही वाटलं नाही. लेक शेजारीच उभी होती. गाडीत बसल्यावर सीटबेल्ट लावता लावता, जी एरवी मला मराठीत उत्तरसुद्धा देत नाही, ती हळूच म्हणाली, "मग? आजी काय म्हणाली?"

"विचार करतेय," मी म्हटलं, आणि गाडी सुरू केली.