होडीवरचं नाव

पाग्बिलाव, ३ ऑगस्ट १९७६

चि. तेर्यो यास थोरल्या बहिणीचे, तुझ्या आतेचे, अ. आ.

नाही रे बाबा, तुझा सिनेमा बघून मी रडले नाही. शेजारची बाई सुकट खात होती, त्याचा वास डोळ्यांत गेला. त्यातली खाष्ट विधवा म्हणजे मीच ना? माझी वाक्यं चोरतोस ती चोरतोस, वर तिला मिशी लावतोस! वीस सिनेमे लिहिलेस, स्वतःला एक बायको काही लिहिता येईना.

आपल्या बापाची, तातायची होडी गळतेय. बाकी ठीक.

लोभ आहेच, मिशी काढलीस तर वाढेल.

आते लुमेंग

मनिला, १९ ऑगस्ट

ती. आतेस शि. सा. न.

मिशी त्या नटीची स्वतःची आहे.

बातमी ऐक. नव्या सिनेमात निर्माता माझं खरं आडनाव लावतोय: दिमाकुलांगान! सहा वर्षांपूर्वी पहिल्या सिनेमाला म्हणाला, एवढं लांब पोस्टरवर मावत नाही. म्हणून आईच्या, नानायच्या माहेरचं 'इलाव' घेतलं. ताताय खुशीनं हो म्हणाले, असं तू कळवलंस, तरी मला खुपतच राहिलं. अख्ख्या जन्मात त्यांना आपलं आडनाव हा एकच शब्द ओळखता यायचा, तोही होडीवर रंगवलेला.

खाऱ्या पाण्यानं गेलेलं ते नाव रंगवून घे आणि पहिल्या खेळाला ये. ताताय असते तर!

लोभ असू दे, टोमणेही असू देत.

तेर्यो

पाग्बिलाव, २७ ऑगस्ट

चि. तेर्यो यास अ. आ.

होडी मी रंगवणार नाही. ते नाव पाण्यानं गेलेलं नाही.

तुझा पहिला सिनेमा लुसेनाला लागला तेव्हा ताताय एकटेच गेले, लग्नातला सदरा घालून. पडद्यावर नावं सरकली, आपली लांबलचक अक्षरं काही आली नाहीत. आपलेच डोळे चुकले असं वाटून परत तिकीट काढून दुसरा खेळ बघितला. घरी येऊन एवढंच म्हणाले, पोराला माझी लाज वाटते गं. सकाळी होडी पालथी घातली आणि मासे साफ करायच्या सुरीनं नाव खरवडून टाकलं. पुढच्या गुड फ्रायडेपर्यंत काही ते राहिले नाहीत.

तुझं परवानगी मागणारं पत्र मीच त्यांना वाचून दाखवलं होतं. माझा नवरा आम्बो गेला, त्याच्या नऊ दिवसांच्या प्रार्थनेला तू आला नाहीस, शूटिंग म्हणालास. त्याचा राग होता मला.

लोभ ठेवायचा की नाही, ते तू बघ.

आडनावाची ओळ मी गाळली. ताताय हो म्हणालेच नव्हते. तो होकार माझा होता.

लुमेंग