नोंदीखालचं नाव

२४ ऑगस्ट, रविवार
आजपासून काम सुरू. समाजमानसशास्त्राचा मराठी कोश निघतोय आणि त्यातली 'अनुरूपता' ही नोंद माझ्याकडे आली आहे. सहाशे शब्द. मला 'नेतृत्व' हवी होती, चांगली लांबलचक. ती मुख्य संपादक डॉ. पूर्णिमा यांनी स्वतःकडे ठेवली. ही बाई कॉलेजात मला ज्युनिअर होती, माझ्या नोट्स झेरॉक्स करून न्यायची. मी रागावलेलो नाही. फक्त लिहून ठेवतोय.

अनुरूपता म्हणजे चार लोक करतात म्हणून आपणही करायचं, मनाला पटो न पटो. यावर लिहायला माझ्याइतका लायक माणूस जिल्ह्यात नाही, कारण मला हा रोग कधी झालाच नाही. पुढच्या वर्षी रिटायर होणार. आयुष्यभर मानसशास्त्र शिकवलं, पण स्वतःच्या नावावर छापील एक ओळ नाही. आता नोंदीखाली येणार: प्रा. अभिनंदन मगदूम. जयसिंगपूरच्या सगळ्या पाहुण्यांना सांगून टाकलंय.

संकल्प: रोज दीडशे शब्द. गुरुवारी नोंद हातावेगळी.

२८ ऑगस्ट, गुरुवार
दशलक्षण पर्वाचा पहिला दिवस, उत्तम क्षमेचा. आज कुणावरही रागवायचं नाही असं सकाळी बस्तीत, म्हणजे आमच्या जैन मंदिरात, देवासमोर ठरवलं. परत येताना रिक्षावाला, वॉचमन आणि खालच्या कोचिंग क्लासचा मालक, एवढ्यांशी बोलणं झालं. बोलणंच. माझा आवाज मुळातच मोठा आहे.

शब्द: शून्य. गणपती मंडळाचा स्पीकर थेट खिडकीसमोर. दुसऱ्याचं काम राहिलं की तो त्याचा आळस आणि आपलं राहिलं की परिस्थिती वाईट, असा माणसाचा पक्षपात असतो. त्यावर कोशात वेगळी नोंद आहे. माझ्या बाबतीत मात्र खरंच स्पीकर होता.

३ सप्टेंबर
पहिलं वाक्य झालं. दमदार आहे. विजयमालाला वाचून दाखवलं. ती म्हणाली, बरं हाय की, पर फुडं काय? इतकी वर्षं संसार केला या बाईशी, वाक्याची किंमत नाही तिला.

९ सप्टेंबर, दुपारी
डोकं फिरलंय. निशिगंधाचा फोन आला होता. आमच्या डिपार्टमेंटला तासावर शिकवते, कोशाची प्रुफंही तीच बघते. ती म्हणाली, सर, नोंदींखाली कुणाचंच नाव यायचं न्हाय म्हणं, सुरुवातीला नुसतं 'संपादक मंडळ' छापायचं चाललंय.

चाललंय म्हणजे? कोण चालवतंय? लिहायचं आम्ही आणि मिरवायचं मंडळानं! एकवीस तारखेच्या बैठकीत हा विषय मंजुरीला येणार. मी उभा राहणार. एकटा पडलो तरी बेहत्तर.

त्यात काल क्षमावाणी होती, सगळ्यांची क्षमा मागायचा दिवस, म्हणून पूर्णिमाबाईंना 'उत्तम क्षमा' असा मेसेज पाठवून बसलो होतो. आज रागानं डिलीट करायला गेलो तर तो फक्त माझ्याच फोनमधून गेला. तिच्याकडे आहे तसा आहे. वर तिनं हात जोडलेलं चित्र पाठवलंय. मोबाईल कंपन्यांवर बोलावं तेवढं थोडं.

१० सप्टेंबर
कोशाच्या बाकीच्या लेखकांना दिवसभर फोन. गडहिंग्लजचे कृष्णात सर पेटलेच. म्हणाले, ह्ये चालायचंच न्हाय, तुमी उठा की सर, आमी हाय मागं. आकाराम सर म्हणाले, तुमी उठा, मी हायच. बाकीचेही तेच म्हणाले. पाठिंबा भक्कम. एवढी माणसं मागं उभी राहायला तयार आहेत, म्हणजे 'नेतृत्व' कुणाला द्यायला हवी होती ते उघड आहे.

नोंद आज नाही. आधी नावाचं ठरू दे. नाव नसलेल्या नोंदीसाठी रक्त आटवायला मी मूर्ख नाही.

१४ सप्टेंबर, रविवार
गावी आलोय. थोरला भाऊ बापूसो दूध संस्थेचा चेअरमन, त्यांची वार्षिक सभा. फिल्डवर्क म्हणून मागच्या खुर्चीत बसलो. सेक्रेटरी विषय वाचायला लागतो आणि वाक्य पुरं व्हायच्या आत सभा ओरडते, मंजूर! ताळेबंद मंजूर. ऑडिटर मंजूर. एकदा तर सेक्रेटरीनं नुसता चष्मा लावला तरी मंजूर. शेजारच्याला विचारलं, कशाला मंजुरी दिलीत? तो म्हणाला, काय की पावणं, समदी म्हणत्यात.

संताप आला. शिकल्यासवरल्या माणसांचं हे! जेवताना बापूसोला चांगलं सुनावलं. तर तो म्हणतो, आरं, तूबी वरडत हुतास की! मी? असेन ओरडलो एखादं वेळी. निरीक्षकाला गटात मिसळावं लागतं, पद्धतच आहे ती. दूध घालणाऱ्यांना कोण समजावणार.

२० सप्टेंबर
उद्याचं भाषण तयार. कपाटाच्या आरशासमोर दोनदा केलं. 'लेखकाचं नाव हा उपकार नव्हे, हक्क आहे!' इथे टाळ्या पडतील. इथेच विजयमालानं मिक्सर लावला.

२१ सप्टेंबर, संध्याकाळी
शांतपणे लिहायला हवं.

बैठक आमच्या घराजवळ, राजारामपुरीतच होती. पूर्णिमाबाई विषय वाचत गेल्या. पहिला, मंजूर. दुसरा, मंजूर. तिसरा, मंजूर. चौथ्याला मी चप्पल नीट घालून, खुर्चीच्या कडेला येऊन तयार. त्यांनी वाचलं, नोंदींखाली लेखकांची नावं न छापण्याबाबत. मागून कृष्णात ओरडला, मंजूर! आकाराम ओरडला, मंजूर! आणि मीही.

सगळ्यात मोठ्यानं. आवाजाचं वर सांगितलंच आहे.

यामागे माझा डाव होता. आधी गाफील ठेवायचं आणि मग बोलायचं. पण मी तोंड उघडायच्या आत निशिगंधा उठली. म्हणाली, मला न्हाय मंजूर. ज्यानं राबून लिवलंय त्येचं नाव खाली पायजेच. पूर्णिमाबाईंनी विचारलं, आणखी कुणाचं असं मत आहे का? कृष्णातनं प्लेटमधला समोसा उचलला. आकारामनं उचलला. मीही उचलला. भूक लागली होती.

आज खरा राग निशिगंधाचा आला. माझा मुद्दा होता तो! तासावरची पोरगी, माझं पूर्ण भाषण एका वाक्यात उरकून खाली बसली.

२३ सप्टेंबर
ईमेल आलाय. निशिगंधाचं म्हणणं संपादकांना पटलं, नावं छापणार. नोंदी महिनाअखेरपर्यंत द्या, नाहीतर काम दुसऱ्याकडे जाईल. म्हणजे तत्त्वाचा विजय झाला. तत्त्व माझं होतं. धमकीची भाषा मात्र मुळीच आवडलेली नाही.

३० सप्टेंबर
नवरात्र. अंबाबाईच्या दर्शनाला आलेले पाहुणे आमच्याच घरी. प्रत्येकजण विचारतो, पुस्तकात नाव कधी येणार? अशा वातावरणात माणूस लिहिणार कसा? एकूण तीन वाक्यं झाली आहेत. माझ्यासाठी दोन-चार दिवस थांबतील. थांबायलाच हवं.

४ ऑक्टोबर, शनिवार
थांबले नाहीत. नोंद निशिगंधाला दिली आणि तिनं ती लिहूनही टाकली.

आत्ता तिचा फोन आला होता. उचलला तोच चढ्या आवाजात. तिनं माझं ओरडून संपू दिलं. मग म्हणाली, सर, तुमचं जेवढं लिवून झालंय तेवढं द्या की, मी त्यात घेतो. खाली दोघांचीबी नावं घालूया. मॅडमना मी सांगतो.

माझा सगळा राग एकदम उतरला. एवढ्या गोंधळात माझ्या नावाचा विचार हिनं एकटीनं केला होता. पण लगेच हो कसं म्हणायचं? आपल्याकडे पहिल्या आग्रहाला कुणी हो म्हणतं का? वाढणाऱ्यानं घ्या घ्या म्हणायचं, आपण नको नको म्हणत ताट पुढं करायचं, ही रीत आहे. म्हणून म्हणालो, छे छे, माझं नाव कशाला? कष्ट तुमचे, तुमचंच नाव असू दे. पुन्हा विचारलं की हळूच हो म्हणायचं ठरवलं होतं.

ती म्हणाली, बरं सर.

आणि तिनं फोन ठेवला. मी तसाच कानाला लावून बसलो होतो.