केइकोचे बाबा पडद्यावर मेले तेव्हा

श्रूजबरी, रविवार

शेजारच्या केइकोचे बाबा जपानहून आलेत. पन्नास वर्षं त्यांनी सिनेमात छोटीच कामं केली. कधी पोलीस, कधी दुकानदार, कधी हिरोचा मामा. आज त्यांच्यासोबत त्यांचाच जुना सिनेमा पाहिला. दहाव्या मिनिटाला ते मेले, आणि माझी सहा वर्षांची ईरा रडायलाच लागली.

"अगं, आजोबा इथेच बसलेत!" तरी थांबेना. आणि मी? मी तेव्हा हिरोकडेच बघत होते. लाजच वाटली.

आजोबा तिच्यासमोर वाकून काहीतरी बोलले. केइकोने सांगितलं, "म्हणतायत, खूपदा मेलो, पण माझ्यासाठी कुणाला रडताना पहिल्यांदाच पाहिलं."

ईरा डोळे पुसत म्हणाली, "नेक्स्ट टाइम डोन्ट डाय, ओके?"

दिग्दर्शकाची सूचना ऐकावी तशी त्यांनी गंभीरपणे मान हलवली.