दोनशे चाळीस चौकोन

४ फेब्रुवारी

चि. टाचणीस,

अनेक उत्तम आशीर्वाद. आशीर्वाद मनापासून आहेत. पुढचा मजकूर मात्र जळफळाटाचा आहे, तेव्हा बेताने वाच.

आठ वर्षं मी तुमच्या घरी येते आहे आणि आठ वर्षं परत जाताना बसमध्ये गप्प बसते आहे. ह्यांना वाटतं मला बस लागते. मला बस लागत नाही, मला तुझा ओटा लागतो. तुझ्या उंचीचा आहे तो. माझा ओटा घरमालकाच्या उंचीचा आहे, आणि तो माणूस खांबासारखा उंच. या वेळी तर तू बोलता बोलता हातोडी घेतलीस आणि भिंतीत खिळा ठोकलास. कुणाला विचारलं नाहीस. आमच्याकडे खिळ्याला परवानगी नाही, म्हणून आरसा खिडकीच्या कडीला टांगलेला असतो आणि खिडकी उघडली की आरसा भिंतीकडे तोंड करतो. हे रोज दाढी अर्धी करून खिडकी लावायला उठतात. तू खिळा ठोकलास तेव्हा मी हसत होते, पण तो माझ्याच छातीत गेला.

मग हात पुसायला म्हणून तुझं कपाट उघडलं, तर दाराच्या आतल्या बाजूला चौकोन. आईची युक्ती! आईने शिलाई मशीन हप्त्यावर घेतलं तेव्हा असेच चोवीस चौकोन आखले होते, आणि बारा भरले त्या दिवशी सांगितलं होतं की खालचं पायडल आता आपलं झालं, वरचं मशीन अजून दुकानदाराचं. मी तुझ्या घराच्या हप्त्यांचे भरलेले चौकोन मोजले. दोनशे चाळीसपैकी शहाण्णव. म्हणजे स्वयंपाकघर आणि निम्मी पुढची खोली तुझी झाली. माझे मात्र अठरा वर्षांच्या भाड्याचे चौकोन आखले असते तर सगळे घरमालकाच्या कपाटात गेले असते.

तुमच्या समोरचा फ्लॅट विकायचा आहे, असं जिन्यात ऐकलं. त्याची नीट चौकशी करून कळव. भिंतीची जाडीही विचार, मला पुष्कळ खिळे ठोकायचे आहेत.

लोभ आहेच. हेवाही आहे, पण तो मी सांभाळते, तू काळजी करू नकोस.

तुझी ताई

---

९ फेब्रुवारी

ती. ताईस,

सा. न. वि. वि. पत्र पोहोचलं. कामावर होते, चष्म्याच्या दुकानात गिऱ्हाईक नव्हतं, म्हणून तिथेच वाचलं आणि एकटीच हसले. खरं सांगू? बरं वाटलं. लहानपणी तुझे वापरलेले कपडे मला मिळायचे, आता तुला माझ्या ओट्याचा हेवा वाटतो. हे सुख मी दोन दिवस पुरवून पुरवून घेतलं.

समोरच्या फ्लॅटची चौकशी केली. आमच्याच आकाराचा आहे, फक्त उलटा. विकणारे गृहस्थ घाईत आहेत. सुरुवातीला सहा लाख हातात हवेत, उरलेलं बँक देते. ताई, तू उगीच इतकी वर्षं घाबरलीस. हप्ता सुरुवातीला टोचतो, मग अंगवळणी पडतो. आमचं बघ, आठ वर्षं कशी गेली कळलंही नाही. तीस लाख कर्ज होतं, त्यातलं चाळीस टक्के फिटलंच म्हणायचं. मध्ये एकदा व्याजाचा दर वाढला, पण बँकेनेच पत्र पाठवलं की हप्त्यात बदल नाही. इतकी चांगली बँक आहे. हे रविवारीही लिफ्टच्या दुरुस्तीला जातात, पण त्यांना घरी बसवतच नाही मुळी.

तू समोर आलीस तर दारं उघडी ठेवून भांडता येईल, पत्रांचा खर्च वाचेल. भाऊजींना नमस्कार. त्यांना सांग, इथे आरसा भिंतीवर असेल.

लोभ आहे तेवढा ठेव, हेवा थोडा वाढव.

तुझी टाचणी

---

१६ फेब्रुवारी

चि. टाचणीस,

अनेक आशीर्वाद. मी ठरवलं आहे.

तुला माहीत आहे, मी ज्यांच्याकडे शिवते ते मास्तर या वर्षी काम सोडतायत आणि कोपऱ्यावरचं शिवणाचं दुकान त्यांनी मला देऊ केलं आहे. त्याच्यासाठीच मी नऊ वर्षांत सहा लाख साठवले. मास्तरांनी अठ्ठावीस तारखेपर्यंत मुदत दिली आहे, नंतर ते पडद्यांच्या व्यापाऱ्याला देणार. तर मी काल त्यांना सांगून टाकलं की दुकान नको, मला घर घ्यायचं आहे. ते गुंडी लावता लावता थांबले. म्हणाले, विचार केलास ना? मी म्हटलं, आठ वर्षं केला. तरी त्यांनी अठ्ठावीसची मुदत मागे घेतली नाही, म्हातारा हट्टी आहे.

सव्वीस तारखेला समोरच्या फ्लॅटचा बयाणा द्यायचा आहे. दुकान गेल्याचं वाईट वाटतंय का विचारू नकोस. वाटतंय. पण दुकानात मी एकटी जाणार, आणि घरात तू समोर असणार आणि मी तुझ्यापेक्षा कुठेही कमी नसणार. हे लिहिताना लाज वाटते, पण तुझ्यापासून काय लपवायचं.

एकच अडचण. हे छापखान्यात मुद्रितं तपासतात, त्यामुळे कुठलाही कागद दोनदा वाचल्याशिवाय सही करत नाहीत. तुझं कर्ज कसं कसं फिटत गेलं त्याचा बँकेचा कागद बघायचाय म्हणतात. तेवढा आणून पाठव. म्हणजे त्यांचं तोंड बंद होईल.

लोभ आता शेजारधर्मात बदलणार आहे, त्याची तयारी ठेव.

तुझी ताई

---

२३ फेब्रुवारी

ती. ताईस,

सा. न. वि. वि. हे पत्र टपालात टाकलं नाही, माझे हे स्वतः घेऊन येतायत. फोन केला असता, पण फोनवर मला थापा मारता येतात. कागदावर जमत नाही. तारीख सव्वीस आहे, म्हणून आधी मुद्दा लिहिते: बयाणा देऊ नकोस.

शुक्रवारी जेवणाच्या सुट्टीत बँकेत गेले. हप्त्यांचं काम बघणाऱ्या बाईंनी पाच पानांचा कागद छापून दिला. त्यात प्रत्येक हप्त्यासमोर दोन रकाने आहेत, व्याज आणि मुद्दल. पहिल्या महिन्याच्या पंचवीस हजारांतले वीस हजार व्याजाचे. ताई, मशीनच्या दुकानात पहिल्या हप्त्याने आणि चोविसाव्या हप्त्याने सारखंच कर्ज फिटायचं, म्हणून आपण दोघी तेच धरून चाललो. इथे तसं नाही. इथे सुरुवातीचे चौकोन आतून जवळजवळ रिकामेच असतात, वरून मी रंग फासत होते.

पुढे ऐक. चार वर्षांपूर्वी दर वाढला तेव्हाचं ते पत्र मी कौतुकाने फ्रिजवर लावलं होतं. हप्त्यात बदल नाही, एवढंच वाचलं. खाली लिहिलं होतं, मुदतीत त्यानुसार फेरबदल होईल. ते चार वर्षं माझ्या नाकासमोर होतं. त्या फेरबदलाचा अर्थ बाईंनी सांगितला. माझे चौकोन दोनशे चाळीस नाहीत, दोनशे चौऱ्याण्णव आहेत. चोपन्न वाढले. मला वाटत होतं, हे अठ्ठावन्नचे होतील तेव्हा फिटेल. खरं फिटेल तेव्हा ते बासष्टचे झाले असतील आणि त्यांना साठीला काम सोडायला लावतात.

आजवर आम्ही चोवीस लाख भरले. तीस लाखांतले पाच फिटले, पंचवीस बाकी आहेत. सगळं भरून होईल तोवर तीस लाखांचे जवळजवळ चौऱ्याहत्तर लाख झालेले असतील. मी बाईंना म्हटलं, पुन्हा मोजा. त्यांनी पुन्हा मोजलं, बिचारीने. आईच्या हिशोबाने सांगायचं तर माझं स्वयंपाकघर माझं नाही. घराचा सहावा हिस्सा माझा आहे, म्हणजे न्हाणीघर आणि त्याच्या पुढच्या चार फरश्या. ज्या भिंतीत खिळा ठोकला ती बँकेची.

आणि आता जे कधी लिहिणार नव्हते ते. मागच्या वर्षी हिशोब बघायला हे म्हणाले होते. मी बघू दिला नाही, कारण तू हेवा करत होतीस. जगात एका माणसाला माझा हेवा वाटतो आणि ती माझी ताई आहे, हे मला फार हवं होतं. तुला ओटा दिसला. मला तुमचा साडेपाचचा चहा दिसायचा. भाऊजी वेळेवर घरी येतात, तुम्ही दोघं खिडकीशी बसता, खिडकी भाड्याची असली तरी. आमचे हे आठ वर्षं रविवारी लिफ्टच्या खड्ड्यात उभे असतात. हौस नाही त्यांना, ताई. मी ते खोटं लिहिलं.

घर वाईट नाही. पण ते किती महाग आहे ते मला माहीत नव्हतं, आणि माहीत नसताना मी तुला बोलावत होते. पाचही पानं सोबत आहेत. भाऊजींना दोनदा वाचू दे.

लोभ राहिला असेल तर कळव.

टाचणी

---

१ मार्च

चि. टाचणीस,

अनेक आशीर्वाद. उशीर झाला, कारण मी रागावले होते, आणि नुसतीच रागावले असते तर तेही चाललं असतं.

तुझं पत्र वाचून मला आधी बरं वाटलं. हे लिहिलंच पाहिजे, कारण तू तुझं लिहिलंस. सहावा हिस्सा वाचला आणि मी चक्क हसले. ह्यांनी विचारलं, काय झालं. मी म्हटलं, काही नाही. मग लिफ्टवाल्यांकडे लक्ष गेलं. ते दारात उभे होते, चहा घेत होते, आणि सारखं घड्याळ बघत होते कारण त्यांना परत कामावर जायचं होतं. त्यांच्या सदऱ्याची कॉलर उसवलेली होती. शिंपिणीच्या बहिणीच्या नवऱ्याची कॉलर. तेव्हा मात्र माझं हसू गेलं.

बयाणा दिला नाही. अठ्ठावीसला सकाळी मास्तरांकडे गेले आणि पडद्यांचा व्यापारी यायच्या आत सहा लाख त्यांच्या टेबलावर ठेवले. त्यांनी मोजले नाहीत, फक्त किल्ली दिली. सहा लाख मशिनींचे आणि जमलेल्या गिऱ्हाइकांचे, दुकान भाड्याचंच आहे, तू हसशील. पण करारात मी एक ओळ घालून घेतली: भिंतीत खिळे ठोकण्यास हरकत नाही. ह्यांनी ती दोनदा वाचली.

आता कामाचं. तुझी पाच पानं ह्यांनी तीन दिवस वाचली, छापखान्यातल्यासारखी लाल पेन्सिल घेऊन. मग मीच तुझ्या बँकेतल्या बाईंना भेटायला गेले. त्यांना म्हटलं, तुमच्या कागदात चुका नाहीत, म्हणूनच आलो आहोत, चोपन्न चौकोन कसे घालवायचे ते सांगा. त्या म्हणाल्या, महिन्याला चार हजार शंभर जास्त भरले तर सगळे चोपन्न जातात आणि मुदत पुन्हा मूळची होते. जास्तीचे पैसे सरळ मुद्दलात जमा करा, असं लिहून द्यायला मात्र विसरायचं नाही. आणि एक गंमत सांगितली. आज जास्तीचे चार हजार शंभर भरले की अगदी शेवटच्या पंचवीस हजारांच्या हप्त्यातले एकोणीस हजार कमी होतात. जो चौकोन तुला गिळत होता तो मागच्या बाजूने कुरतडता येतो.

चार हजार शंभर कुठून आणायचे, असं तू विचारशील, म्हणून आधीच सांगते. माझ्या दुकानात कोट येणार आहेत आणि कोटांना हाताची काजं लागतात. आईने दोघींना एकाच दिवशी शिकवली. माझी काजं उंदराने कुरतडल्यासारखी व्हायची, तुझी बघून आई शेजारणींना बोलवायची. ओट्याचा हेवा गेल्या आठ वर्षांचा आहे, टाचणी. काजांचा पस्तीस वर्षांचा आहे. एका काजाला वीस देईन. महिन्याला दोनशे पाच काजं, दिवसाला सात. उपकार नाहीत, मास्तर बाहेरच्याला एवढेच द्यायचे. खराब झालं तर उसवून परत पाठवीन आणि ते मला फार आवडेल.

लिफ्टवाल्यांना निदान एक रविवार घरी बसव. त्यांचा सदरा माझ्याकडे पाठव.

लोभ होता तिथेच आहे, त्याची मुदत आधीपासूनच मोठी होती.

तुझी ताई

---

६ एप्रिल

ती. ताईस,

सा. न. वि. वि. पहिली दोनशे पाच काजं तू मोजून घेतलीस आणि त्यातलं एकही उसवता आलं नाही म्हणून तुझा चेहरा उतरला, तो मी बघितला. पैसे परवा बँकेत भरले. मुद्दलात जमा करा असं लिहून दिलं आणि बाईंकडून शिक्का घेतला.

कपाटाच्या दुसऱ्या दारावर मी ते चोपन्न चौकोन पेन्सिलीने आखले होते. काल रबर घेऊन शेवटचा पुसला, पण पाऊणच. एकोणीस हजारांचा पाऊणच होतो. ह्यांनी तो पाव चौकोन बघितला आणि विचारलं, पुढच्या महिन्यात पन्नास-साठ काजं जास्त मिळतील का. हे विचारायला ते घरी होते, कारण काल रविवार होता.

तुझं दुकान बघितलं. दारावर तुझी पाटी, आत अकरा खिळे, मीही मोजले. आरसा भिंतीवर सरळ टांगलेला, आणि कापायचं टेबल अगदी तुझ्या उंचीचं. तू गिऱ्हाइकाला बसायला सांगितलंस आणि मला थांबायला. मी खूप हसत होते, तुला वाटलं असेल मला मजा येते आहे.

परत येताना बसमध्ये मी गप्प होते. ह्यांना वाटलं, मला बस लागली.

तुझी टाचणी